दाराशी थांबून बघ

चि. सायली,
अनेक आशीर्वाद.

बातमीदारी सोडून वरळीच्या बीडीडी चाळीच्या पुनर्विकासावर माहितीपट करायला घेतलास, फार बरं वाटलं. एक सवय मात्र आधी मोड. "नवं घर मिळालं, कसं वाटतंय?" असं विचारलंस की "खूप आनंद झाला" एवढंच मिळेल. बातमीपुरता बाईट झाला, माणूस राहून गेला. १६० चौरस फुटांतून ५०० चौरस फुटांत गेलेलं कुटुंब दाराशी थांबून बघ. चाळीत दार दिवसभर उघडं, टॉवरमध्ये ते लावून घेतलेलं. मेंटेनन्सचं बिल कोण वाचतं, कुणाला समजावून सांगतं, हेही टिप. दोन-तीनच घरं धर, पण वर्षभर जात राहा.

छोट्या खोलीत सगळं मावावं म्हणून २४ मिलिमीटरच्या खालची लेन्स लावू नकोस. भिंती लांब पळतात, दहा बाय सोळाची खोली हॉलसारखी दिसते आणि तुझा विषयच खोटा पडतो. आजी जमिनीवर बसली असेल तर ट्रायपॉडचे पाय पूर्ण फाकवून लेन्स तिच्या डोळ्यांच्या रेषेत आण, साधारण अडीच फुटांवर. उभ्याने घेतलेल्या चौकटीत माणूस बिचारा दिसतो. एडिटला ते सुधारत नाही. समोरच्या टॉवरमधल्या जुन्या फ्लॅटमालकालाही हीच लेन्स आणि हाच नियम. तिथे सोसायटीची लेखी परवानगी आधी घे. घरकाम करणाऱ्या बाईंची लिफ्ट वेगळी असेल, तर गेटवरच्या वहीपासून त्या लिफ्टपर्यंतची वाट न तोडता घे. वर निवेदन घालू नकोस.

ट्यूबलाइटखाली सेकंदाला २५ फ्रेम, शटर १/५० सेकंद. आपली वीज ५० हर्ट्झची. १/६० ठेवलंस तर पट्टे सरकताना दिसतील.

आवाजाला जास्त वेळ दे. ज्या बाईंशी बोलतेस, कॉलर माईक त्यांचा त्यांनाच लावू दे, मंगळसूत्राचे मणी आपटणार नाहीत असा. सिंथेटिक पदराखाली मात्र नको, खरखर येते. पंखा आणि फ्रिज बंद करायला सांगितलास तर स्वतःच्या घराची किल्ली फ्रिजवर ठेव. ती घेतल्याशिवाय तुला निघता येणार नाही, फ्रिज चालू करायचं विसरणार नाहीस आणि त्यांचं दूध नासणार नाही. उठण्याआधी रिकाम्या खोलीचा एक मिनिट आवाज घे. नाहीतर एडिटला दोन वाक्यांमध्ये खड्डे पडतात.

संमतीपत्र मराठीत कर आणि मोठ्याने वाचून दाखव. "हे नको" म्हणायची मुभा रफ कट, म्हणजे पहिली कच्ची जुळणी, दाखवल्यावरही त्यांना असू दे. कॅमेऱ्याचं कार्ड रिकामं करण्याआधी दोन वेगळ्या हार्ड डिस्कवर प्रती, त्यांतली एक आपल्याकडे आणून ठेव.

आणि १९८२ च्या संपातले गिरणी कामगार आधी गाठ. तेव्हा पंचविशीत असलेले आता सत्तरीच्या घरात आहेत. सकाळी जा, पाऊण तासावर ताणू नकोस. पावसाळा लागायच्या आत हे उरकून घे.

तुझे,
बाबा