राजीनाम्याचं पत्र, सांगलीच्या पत्त्यावर

ती. सौ. आई आणि ती. बाबांना साष्टांग नमस्कार.

आई, आधी डोळ्यांचं. ड्रॉप्स दिवसातून चार वेळा सांगितलेत म्हणजे चार वेळाच. "आज बरं वाटतंय" म्हणून दुपारचा डोस गाळायचा नाही. सुमनमावशींना मी फोन करून सांगितलंय. भाजीला फोडणीही त्याच देतील, तू गॅसजवळ जायचं नाहीस.

फोनवर बोलायचं सोडून पत्र का लिहिते आहे ते सांगते. बाबांना अर्धं ऐकू येत नाही आणि उरलेलं अर्धं तू त्यांना तुझ्या पद्धतीने सांगतेस. हे मला माझ्या पद्धतीने सांगायचं आहे. दादा मोठ्या अक्षरात छापून देईल.

मी नोकरी सोडली आहे. सोडणार आहे असं नाही, राजीनामा देऊन झाला आणि मंजूरही झाला. इथे मॉन्ट्रियलच्या एका संस्थेत गाणं आणि अभिनयाच्या दोन वर्षांच्या अभ्यासक्रमाला मला प्रवेश मिळालाय. वर्ग फ्रेंचमधून आहेत.

बाबा, चष्मा काढून कपाळाला हात लावला असेल तर तो परत घाला आणि पुढे वाचा. अनिकेतची नोकरी चालू आहे. फीचे पैसे मी आधीच बाजूला काढून ठेवलेत, घराच्या हप्त्यांना हात लावलेला नाही. नागरिकत्व मिळालंय, त्यामुळे नोकरी गेली म्हणून कुणी आम्हाला इथून घालवत नाही. डॉक्टरचा खर्च सरकारी कार्डावर चालतो, नोकरीवर नाही. दातांचं तेवढं वेगळं असतं, ते अनिकेतच्या ऑफिसातून होतं. तुम्हाला दर महिन्याला येतात ते पैसे तसेच येत राहतील. त्यावर वाद नको.

तरी तुम्ही म्हणालच, "बेचाळिसाव्या वर्षी?" म्हणून एका बाईंविषयी सांगते.

जिनेट रेनो. इथे क्वेबेकमध्ये, कॅनडाच्या या फ्रेंच बोलणाऱ्या प्रांतात, हे नाव कुणाला सांगावं लागत नाही. आमच्या वरच्या मजल्यावरच्या आजी तर तिला नुसतं जिनेट म्हणतात, माहेरची असल्यासारखं. जन्म १९४६ चा, इथलाच, मॉन्ट्रियलचा. मूळ आडनाव रेनॉल्ट, स्टेजसाठी रेनो झालं. शाळकरी वयातच ती गायला लागली आणि विशीच्या आत तिच्या रेकॉर्ड निघाल्या होत्या. पुढे इंग्रजीतही गायली, १९७२ मध्ये टोकियोच्या जागतिक गीत महोत्सवात बक्षीस मिळवलं. हे सगळं बाबांसाठी, प्रमाणपत्रं बघितल्याशिवाय तुमचा विश्वास बसत नाही.

आईसाठी १९७५ सालचं. २४ जूनला इथे सां-जाँ-बाप्तिस्तचा सण असतो, क्वेबेकचा स्वतःचा. त्या वर्षी तो शहराच्या मधल्या डोंगरावर, माँ रॉयालवर झाला. लाखावर लोक होते. जिनेट तिथे जाँ-पिएर फेर्लां या गीतकाराचं गाणं गायली. थोडं आणखी उंच, थोडं आणखी दूर जायचं आहे, असं म्हणणाऱ्या बाईचं ते गाणं. त्याचं चित्रण मी तुला व्हॉट्सॅपवर पाठवलंय. आवाज वाढव आणि शेवटचं कडवं नीट ऐक. ती वरच्या पट्टीत जाते तेव्हा कुठेही ओढाताण नाही, श्वास खालून, पोटातून येतो. तू मला हेच शिकवायचीस ना गं? माझ्या पोटावर हात ठेवून "इथून, गळ्यातून नाही" म्हणायचीस. इथल्या बाईंनी पहिल्याच तासाला तेच केलं आणि मला एकदम स्वयंपाकघरातली ती पेटी आठवली, जिचा काळी चारचा सूर अडकायचा.

जिनेट नुसती गळ्यावर थांबली नाही, हे मला तुम्हाला खास सांगायचंय. तिशी ओलांडल्यावर १९७९ साली तिने 'मी फक्त एक गाणं आहे' या अर्थाच्या नावाची रेकॉर्ड काढली, तीही स्वतःच्या कंपनीतून. तीन लाखांहून जास्त प्रती खपल्या, आणि क्वेबेकची वस्ती तेव्हा साठ-पासष्ट लाखांची. म्हणजे जवळजवळ प्रत्येक गल्लीत. पुढे मॅनेजरशी तिचं फाटलं. त्याचं नाव रने आँजेलिल. दुसरी कुणी खचली असती. त्याच सुमारास त्याच्याकडे एका बारा वर्षांच्या मुलीची टेप आली आणि तिच्या पहिल्या रेकॉर्डसाठी त्याने घर गहाण ठेवलं. ती मुलगी म्हणजे सेलिन डियॉन, आपल्या टायटॅनिकच्या गाण्यातली. लहानपणी सेलिन जिनेटचीच गाणी म्हणायची. २००८ मध्ये क्वेबेक शहराला चारशे वर्षं झाली तेव्हा मैदानावर दोघी एकत्र गायल्या, तेच १९७५ चं गाणं, फेर्लांही सोबत. ते बघताना मला जिनेटचा चेहराच जास्त बघावासा वाटतो. कुठे आकस नाही. (मला जमलं नसतं. शाळेतल्या समूहगीताच्या वेळी मला मागच्या ओळीत उभं केलं होतं ते अजून माझ्या मनात आहे.)

आणि सिनेमा! जाँ-क्लोद लोझोंच्या 'लेओलो' या चित्रपटात तिने आईचं काम केलं तेव्हा ती पंचेचाळिशीत होती. १९९२ मध्ये तो फ्रान्समधल्या कान शहरातल्या चित्रपट महोत्सवात स्पर्धेत होता. मॉन्ट्रियलच्या माइल-एंड भागातलं गरीब, अर्धवट वेडं घर, आणि सगळ्यांना पदराखाली घेणारी ही अंगाने भरलेली आई. बाबा, तुम्ही बघाच, कारण त्यातल्या बापाचा ठाम विश्वास असतो की पोट साफ तर माणूस निरोगी, आणि घरातल्या सगळ्यांना तो ठरल्या दिवशी जुलाबाचं औषध देतो. मी थिएटरात एकटीच मोठ्याने हसले. रविवारची सकाळ, तुमच्या हातात एरंडेलाचा चमचा, दादा पलंगाखाली आणि मी तुळशीमागे! पण एका प्रसंगात ही आई आपल्या लहानग्याला पॉटवर बसवून त्याचा धीर वाढवत असते, आणि तिथे माझं हसू संपलं. एवढ्या साध्या गोष्टीत इतकी माया तिने कुठून आणली? पुस्तकातून ते येत नाही. तीन मुलं वाढवलेली बाई होती ती. विसाव्या वर्षी तिला हे काम जमलं नसतं, असं माझं मत. अभिनयाच्या बाबतीत माझं वय आडवं येणार नाही, उलट उपयोगी पडेल, हे मी इतकी ठासून म्हणते त्याचं कारण हे आहे.

मी जिनेट रेनो होणार नाही, मला माहीत आहे. तिच्यासारखा आवाज नाही आणि मी काही सोळाव्या वर्षी सुरुवात केलेली नाही. पण सांगलीची मुलगी नाटकात गेली यात नवल ते काय? विष्णुदास भाव्यांनी १८४३ साली सीतास्वयंवर केलं ते आपल्याच गावात. भावे नाट्यमंदिरात तिसऱ्या अंकाला मी बाबांच्या मांडीवर झोपायचे आणि आई गायला लागली की बाबा मला हलवून उठवायचे. मग आता नाराज होऊन कसं चालेल? आई, पुढे तू नाटकातलं काम सोडलंस आणि एकदाही कुरकुर केली नाहीस. मी कुणाची राहिलेली इच्छा पुरी करायला निघालेय असं अजिबात समजू नकोस. हे माझं आहे. तरी प्रवेशाच्या परीक्षेला मी तुझंच पद म्हटलं, मराठीत. त्यांना एक अक्षर कळलं नाही, तरी घेतलं.

आता जे लिहायचं मी मघापासून टाळते आहे ते. या दिवाळीला मला येता येणार नाही. वर्ग सुरू असतील आणि सुट्टी मिळत नाही. मार्चमध्ये येते, ओवीला घेऊन, चांगले दोन आठवडे. तिकीट बघून ठेवलंय. पाडव्याला दादा-वहिनी पुण्याहून येणार आहेत, मी त्यांच्याशी बोललेय. आई, एवढ्याशा फराळासाठी चकलीचा सोऱ्या घेऊन बसू नकोस, घरपोच देणाऱ्या काकू आहेत ना. ओवीसाठी किल्ला मात्र बाबांनी करायचा, फोटो पाठवायचा. माती सुमनमावशींचा मुलगा आणून देईल. तुम्ही बादल्या उचलायच्या नाहीत.

बाबा, कानाचं यंत्र कपाटात ठेवायला घेतलेलं नाही. बाथरूममधला दांडा बसवून झाला का ते दादा मला सांगत नाही, म्हणजे झाला नसणार. या आठवड्यात करून घ्या. इसबगोल पाण्यातून घ्या, नुसतं तोंडात टाकून वर घोटभर पाणी नको. आणि "बँकेतून बोलतोय" म्हणणाऱ्याला ओटीपी द्यायचा नाही, तो कितीही शुद्ध मराठी बोलला तरी.

जिनेट पंचाहत्तरी ओलांडून गातेय. २०१४ साली तिने बर्फावरच्या हॉकीच्या मॅचआधी कॅनडाचं राष्ट्रगीत म्हटलं आणि जाता जाता गोलकीपरला डोळा मिचकावला. पूर्ण शहर त्या बाईला शुभशकुन मानायला लागलं होतं. आई, तू अजून सत्तरीचीही पुरती झाली नाहीस. डोळा बरा झाला की पेटी दुरुस्तीला मिरजेला पाठव. पैसे मी देते.

नोव्हेंबरात आमची घड्याळं मागे जातात, मग साडेदहा तासांचा फरक पडेल. तुमच्या संध्याकाळी साडेसहाला फोन करीन, मालिका सुरू व्हायच्या आत.

तुमची,
बाळी

ता. क. आत्याला यातलं काही सांगू नका. ती लगेच विचारेल, "म्हणजे काढून टाकलं का?" तिला मी स्वतः फोन करते.