खतदुह मालकीण नव्हे, राखणदार

संपादक महोदय,

'मेघालयात सगळी इस्टेट धाकट्या मुलीची' असे सर्रास छापून येते. ते अर्धेच खरे. खासी समाजात धाकटी लेक, म्हणजे खतदुह, मातृकुळाचे घर सांभाळते. मामा-भावांच्या संमतीशिवाय ते विकू शकत नाही. शिवाय म्हाताऱ्या आईवडिलांची देखभाल आणि अडल्या-नडल्या भावंडांना आसरा तिच्याच गळ्यात. (हा भाग बातम्यांत कधी येत नाही!) लेक नसेल तर मुलगी दत्तक घेण्याचीही रीत आहे.

१९८४ च्या राज्य कायद्याने स्वकष्टार्जित मालमत्तेचे मृत्युपत्र करता येते. ते केलेच नसेल तर रूढी लागू होते. खरी गाठ पुढेच बसते: कुळाच्या जमिनीवर मुलाने पगारातून बांधलेला मजला स्वकष्टाचा की कुळाचा?

– एक वाचक, पुणे