ड्राफ्ट्समन काकांना, निजदेशाच्या नकाशाबद्दल

काका, हे खरं तर फोनवर बोलायला हवं होतं, पण फोनवर तुम्ही "अगं त्यात काय एवढं" म्हणून विषय बदलता आणि मग मला पुढे बोलताच येत नाही, म्हणून सगळ्यांसमोर लिहितेय. आता ऐकावंच लागेल.

बाकीच्यांसाठी थोडक्यात सांगते. आम्ही काही जण रविवारी डी अँड डी खेळतो, फासे टाकत गोष्ट रचायचा खेळ, आणि त्यातलं जग मी स्वतः बनवलंय. निजदेश. झोपलेली सगळी माणसं रात्री जिथे जातात तो देश. तिथल्या भूगोलात जादू आहे, डोंगर आणि पाणी जागच्या जागी राहतं पण रात्र सरते तसे रस्ते हलतात, पहिल्या प्रहराला जो घाट तुम्हाला बाजारात उतरवतो तोच तिसऱ्या प्रहराला थेट मसणात नेऊन सोडतो. हे सगळं माझ्या वहीत होतं, नकाशा मात्र नव्हता, आणि खेळणारे दर अर्ध्या तासाने विचारणार, "आपण आत्ता नेमके आहोत कुठे?"

नकाशा काढून द्यायला काकांच्या आधी जे भेटले त्यांच्याबद्दल न बोललेलंच बरं, पण बोलते. एक जण ॲडव्हान्स घेऊन गायब. दुसऱ्याने एआयकडून काढून घेतलेलं चित्र पाठवलं, दिसायला एकदम झकास, फक्त त्यात नदी एका समुद्रातून निघून डोंगर चढून दुसऱ्या समुद्राला मिळत होती आणि गावांच्या नावांच्या जागी देवनागरीसारखं दिसणारं काहीतरी गिरगटलेलं होतं, आणि वर हा मलाच ऐकवतो की मॅडम स्वप्नातला नकाशा आहे ना, काहीही चालतं. काहीही चालतं! अरे बाबा, रस्ते हलतात म्हणूनच बाकीचं पक्कं लागतं ना, नाहीतर हललं काय ते कळणार कसं. तिसरे एक जण तर "या वयात हे?" म्हणून हसलेच, त्यांचं जाऊ दे.

आणि मग ग्रुपमधली एक मैत्रीण म्हणाली, माझ्या सासऱ्यांना विचारते, ते इरिगेशनमध्ये ड्राफ्ट्समन होते, रिटायर झालेत. खरं सांगते काका, मी येताना घाबरले होते. आयुष्यभर धरणं आणि कालव्यांची ड्रॉइंगं काढलेल्या माणसापुढे झोपेतल्या देशाची वही ठेवायची म्हणजे काय! तुम्ही टेबलावरचा पेपर बाजूला केलात, चष्मा पुसलात, वही पहिल्या पानापासून शेवटपर्यंत वाचलीत, मधे चहा गार झाला तरी वाचतच होतात, आणि वही मिटून एकच विचारलंत, "उत्तर कुठे धरायची?"

काका, तो प्रश्न. तोपर्यंत सगळ्यांनी हे कशाला, याचा उपयोग काय, हेच विचारलं होतं. तुम्ही उत्तर दिशा विचारलीत, जसं काही उद्या सकाळी तिथे मोजणीला जायचंय. मी म्हटलं नेहमीसारखी वर. तर पेन्सिल कानामागे खोचून तुम्ही म्हणालात, "उत्तरेला डोकं करून आपल्याकडे कोणी झोपत नाही. मग या देशात माणसं शिरणार ती पूर्वेकडून, दक्षिणेकडून, चुकूनमाकून पश्चिमेकडून. उत्तरेच्या वेशीतून कुणी आत आलेलंच नसणार. तो पट्टा कोरा ठेवू, मोजणी झालेली नाही असं लिहू." मला त्या क्षणी रडूच येणार होतं, कसंबसं आवरलं. आमचा सध्याचा अख्खा खेळ त्या कोऱ्या पट्ट्यावर चाललाय, तुम्हाला कल्पना नाही.

हलत्या रस्त्यांचं कोडंही तुम्हीच सोडवलंत. खाली जाड कागदावर डोंगर नि नद्या, आणि वर चार प्रहरांचे चार ट्रेसिंग पेपर, प्रत्येकावर त्या त्या प्रहराचे रस्ते, चारही कोपऱ्यांत अधिक चिन्हाच्या (+) खुणा, म्हणजे एकावर एक तंतोतंत बसतात. प्रहर बदलला की मी शीट बदलते आणि टेबलाभोवती ओरडा होतो. एका गावाचं नाव ड्रॉइंगच्या रॉटरिंग पेनाने थोडं जाड आलं तर अर्ध्या ब्लेडने ती शाई इतकी हळू खरवडलीत की कागदाला ओरखडा नाही. कुणी बघणारही नव्हतं हो ते गाव. आणि नद्या उतारावरून येऊन एकमेकींना मिळतात, फुटतात त्या मुखापाशी, हे समजावताना मला एकदाही मूर्खात काढलं नाहीत.

"खोटा नकाशा" म्हणणाऱ्यांसाठी जाता जाता. बंगालची मोजणी करणाऱ्या जेम्स रेनेलने 1798 मध्ये पश्चिम आफ्रिकेच्या नकाशावर काँग नावाची अख्खी डोंगररांग काढली होती. ती पुढे जवळजवळ शतकभर एकाचं बघून दुसऱ्याने काढली, शेवटी बिंजे नावाचा फ्रेंच माणूस तिथे जाऊन आला आणि म्हणाला डोंगर नाहीच. आणि आपल्याकडचे जैनांचे अढाई द्वीपाचे, म्हणजे त्यांच्या विश्वरचनेतल्या माणसांच्या जगाचे, रंगवलेले पट बघा, मधे मेरूसकट जंबूद्वीप, त्याभोवती लवणसमुद्र, मग पुढची द्वीपं, सगळं गोल गोल नेमकं आखलेलं. मोजणीची साखळी घेऊन कोण गेलं होतं तिथे? तरी रेघ कुठे वेडीवाकडी नाही.

चांगली माणसं असतात म्हणतात ती अशी असतात बहुतेक, समोरच्याचं काम स्वतःच्या कामाइतकं खरं मानणारी. पैशांचा विषय काढला तर तुम्ही फक्त ट्रेसिंग पेपर आणि शाईचं बिल दाखवलंत, तेही स्टेशनरीवाल्याकडून डिस्काउंट घेऊन.

आता एक तक्रार. गेल्या रविवारी आमच्यातल्या एका महाशयांनी चौथ्या प्रहरावर चटणी सांडली, पहाटेचे दोन रस्ते गेले. नवीन शीट काढून द्याल का? यावेळी पैसे घ्यायचेच, नाहीतर मी सूनबाईंकडे देईन. आणि तुमच्यासाठी मी एक पात्र तयार करून ठेवलंय, निजदेशाचा सरकारी मोजणीदार, त्याला जादू अजिबात येत नाही पण वाट चुकत नाही. सगळे उत्तरेला जायचं ठरवून बसलेत आणि तुमच्याशिवाय कुणी वेस ओलांडायला तयार नाही, तेव्हा रविवारी चारला या. फासे आमचे, पेन्सिल तुमची आणा.