कुशल माणूस बोर्ड वाचतो, मग गेज बघतो

संपादक महोदय,

स. न. वि. वि.

पुण्याजवळच्या भोसरी, चिंचवड, चाकण पट्ट्यातल्या लहान-मध्यम कारखानदारांची ‘कुशल माणसे मिळत नाहीत’ ही तक्रार आपल्या अंकात वरचेवर वाचायला मिळते. तक्रार खोटी नाही. ड्रॉइंग वाचून, फिक्स्चर (जॉब धरायची चौकट) डायल लावून सरळ करून, पहिलाच पीस ओके काढणारा व्हीएमसी सेटर, म्हणजे संगणकावर चालणारे मिलिंग मशीन नव्या जॉबसाठी लावून देणारा माणूस, सहज सापडत नाही. पण तो गावात नाही असेही नाही. तो शेजारच्या गाळ्यात कामाला आहे, आणि तुमच्याकडे यायचे नाही हे त्याने विचार करून ठरवले आहे. ते तो कशावरून ठरवतो, हे कारखानदारांच्या कानावर घालावे म्हणून हे पत्र. हेल्परच्या भरतीबद्दल मी बोलत नाही. ज्याच्या हातात आज नोकरी आहे आणि सोडली तर आठवड्यात दुसरी मिळेल, अशाच माणसाबद्दल बोलतो आहे.

सुरुवात गेटवरच्या बोर्डापासून होते. ‘पाहिजेत : सीएनसी/व्हीएमसी ऑपरेटर, सेटर. आकर्षक पगार.’ पगार खरोखर आकर्षक असता तर आकडा लिहिला असता, एवढे चहाच्या टपरीवरच्या पोरालाही कळते. शिवाय ऑपरेटर आणि सेटर एकाच ओळीत लिहिले की वाचणारा समजतो : सेटर म्हणून घेतील आणि दोन महिन्यांत तीन मशीनवर लोडिंग-अनलोडिंगला उभे करतील.

आकडा सांगितला तरी तो कोणता, हा पुढचा प्रश्न. ‘३२ हजार’ असे फोनवर सांगतात, ते बहुधा सीटीसी, म्हणजे त्या माणसापोटी कंपनीला येणारा एकूण खर्च, असते. समजा त्यात बेसिक अधिक डीए (महागाई भत्ता) १५,००० आहे. कंपनीच्या वाट्याचा पीएफ, विमा व प्रशासकीय खर्च धरून १३ टक्के, म्हणजे १,९५०. बेसिकवर धरलेला ८.३३ टक्के बोनस १,२५०, जो दिवाळीत मिळणार. ४.८१ टक्के ग्रॅच्युइटी ७२२, जी कायम कामगाराला पाच वर्षे भरल्यावर दिसणार. हे वजा केले की उरतात २८,०७८. त्यातून त्याच्या वाट्याचा पीएफ १,८०० आणि व्यवसाय कर २०० गेला की हातात २६,०७८. कँटीन आणि बसची कपात असेल तर आणखी कमी. हिशोबाची वजाबाकी बरोबरच आहे. पण ३२ ऐकून आलेल्या माणसाला पहिल्या पगाराला २६ दिसतात, तेव्हा तो मालकाला फसवा समजतो आणि त्याच संध्याकाळी आयटीआयच्या बॅचच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर तसे लिहितो. हातात पडणारा आकडा आधीच सांगितला असता तर तो कदाचित २६ लाही आला असता. राहिला तर नक्कीच असता.

ओव्हरटाइमचेही तसेच. दुप्पट दर हा १९४८ च्या फॅक्टरी अ‍ॅक्टपासूनचा नियम आहे आणि नव्या कामगार संहितांमध्येही तो कायम आहे. तरी कितीतरी ठिकाणी ‘सिंगल ओटी’ (जादा तासांनाही साधाच दर) बिनदिक्कत चालतो, नाहीतर पैशांऐवजी कॉम्प ऑफ (बदली सुट्टी) दिला जातो, जो डिस्पॅचच्या गडबडीत कधीच घेता येत नाही. दर काढताना कोणते भत्ते धरायचे हा वाद घटकाभर बाजूला ठेवू आणि फक्त १५ हजारांवर हिशोब करू : १५,००० भागिले २६ दिवस भागिले ८ तास, म्हणजे तासाला ७२ रुपये. महिन्यात ४० तास जादा काम केले तर सिंगलने २,८८५ आणि डबलने ५,७६९. सेटर हा हिशोब तोंडी करतो, कारण दिवसभर मायक्रॉन (मिलिमीटरचा हजारावा भाग) मोजणाऱ्याला भागाकार अवघड जात नाही.

पगार वेळेवर होतो का, हे तो कंपनीला विचारत बसत नाही. आत कामाला असलेल्या मित्राला मोबाइलवर पीएफचे पासबुक उघडायला सांगतो. कंपनीने मागच्या महिन्याचा पीएफ पुढच्या महिन्याच्या १५ तारखेपर्यंत भरायचा असतो. दर महिन्याची नोंद ओळीने दिसली तर ठीक. तीन महिने कोरे आणि मग एकदम तीन नोंदी दिसल्या, तर कंपनीची पैशांची ओढाताण आहे हे त्याला बॅलन्स शीट न बघता कळते. एचआरने कितीही गोड बोलावे, पासबुक पुसता येत नाही.

आता ट्रेड टेस्ट. टेस्ट आपण उमेदवाराची घेतो असे कंपनीला वाटते, पण त्या दिवशी उमेदवारही कंपनीची टेस्ट घेत असतो. समजा ड्रॉइंगवर २५ एच७ चा बोअर (ठरलेल्या मापमर्यादेतले भोक) आहे. म्हणजे २५.००० ते २५.०२१ मिलिमीटर, एकूण पट्टा २१ मायक्रॉनचा. मोजायला त्याच्या हातात व्हर्निअर दिला तर तिथेच विषय संपला. ज्या व्हर्निअरचा लीस्ट काउंटच (मोजता येणारे सर्वांत लहान माप) ०.०२ आहे, म्हणजे जवळजवळ अख्ख्या टॉलरन्सएवढा, त्याने हा बोअर पास-नापास करता येत नाही. अचूक मापाच्या रिंग गेजवर झीरो केलेला डायल बोअर गेज हवा, नाहीतर हवेच्या दाबावर मोजणारा एअर गेज. बोअर गेज दिला तर जाणकार आधी त्यावरचे कॅलिब्रेशनचे (गेज तपासून घेतल्याचे) स्टिकर बघतो. तारीख उलटून आठ महिने झाले असतील तर पुढचे चित्र त्याला दिसते : गिऱ्हाइकाकडून लॉट परत येणार, मीटिंग होणार आणि ‘शिफ्टला सेटर कोण होता?’ असे विचारले जाणार. गेज कोणी तपासला नव्हता, हे कुणी विचारणार नाही. असा माणूस ‘घरी विचारून सांगतो’ म्हणून जातो तो परत येत नाही, आणि कंपनी समजते की दोन हजारांवरून अडले.

टेस्टच्या नावाखाली पूर्ण शिफ्ट उभे करून ४० पीस फुकट काढून घेणारेही आहेत. नीट टेस्टला दीड तास पुरतो. २० मिनिटे ड्रॉइंग आणि तोंडी प्रश्न, २० मिनिटे तयार पीस मोजून रिपोर्ट, बाकी वेळात जॉब बांधणे, वर्क ऑफसेट (जॉबचा शून्यबिंदू) घेणे आणि एका टूलची लेंग्थ कंट्रोलमध्ये भरणे. कटिंग केले नाही तरी हात कळतो. टेस्ट घेणारा मात्र शॉपवरचाच हवा. एचआरच्या माणसाने वर्क ऑफसेटच्या कोडबद्दल ‘जी५४ म्हणजे काय?’ हे कागदावरून वाचून विचारले की समोरचा मनातल्या मनात हसतो.

टेस्ट कधी ठेवता, हेही महत्त्वाचे. भोसरी-चिंचवडला साप्ताहिक सुट्टी गुरुवारची. कामाला असलेला माणूस मंगळवारी सकाळी ११ वाजता इंटरव्ह्यूला यायचा तर त्याला एक खाडा पडतो आणि आहे त्या ठिकाणी संशयही येतो. तरी पत्रे निघतात ती मंगळवारचीच. मग मंगळवारी येतात कोण, तर ज्यांच्याकडे काम नाही ते. गुरुवारी अर्धा दिवस एक मशीन आणि एक सीनियर सेटर मोकळा ठेवला तर येणाऱ्यांची प्रतच बदलते.

गुरुवारचा विषय निघालाच आहे तर शुक्रवारच्या पहिल्या शिफ्टबद्दलही सांगतो. मशीनचे दार उघडले की सडक्या अंड्याचा भपका येतो, तो कूलंटचा, म्हणजे कापताना मारायच्या तेल-पाण्याच्या मिश्रणाचा. सुट्टीत पंप बंद, टाकीतले पाणी स्थिर. स्लाइडवेचे (मशीनच्या सरकपट्ट्यांचे) तेल वर तरंगून त्याची साय धरते, खाली हवा पोचत नाही, आणि हवेविना वाढणारे जिवाणू गंधकाचा हा वायू सोडतात. त्यातच आठवडाभर टाकीची पातळी उतरली की ऑपरेटर नुसत्या पाण्याचा पाइप लावून मोकळा होतो. बहुतेक ठिकाणी ६ ते ८ टक्के हवे असलेले मिश्रण अडीच-तीनवर येते. मग जॉबला गंज चढतो, इन्सर्ट (टूलची कापणारी टोके) लवकर झिजतात आणि ऑपरेटरच्या मनगटापासून कोपरापर्यंत पुरळ उठते. ती खाज घेऊन माणूस घरी जातो तेव्हा बायको म्हणते, ‘दुसरीकडे बघा.’ नोकरी सोडण्याचे हे कारण कुठल्याच एक्झिट इंटरव्ह्यूच्या फॉर्मवर छापलेले नसते. उपाय मात्र महागडे नाहीत. तेल काढणारा स्किमर, सुट्टीत टाकीत हवा सोडणारा छोटा पंप, रोज सकाळी मिश्रणाची टक्केवारी दाखवणाऱ्या रिफ्रॅक्टोमीटरचे एक रीडिंग वहीत, आणि भर घालायची तीही बादलीत आधी पाणी, मग तेल अशी कालवून. नवखा उमेदवार शॉपवर फिरताना मशीनचा ब्रँड बघतो. मुरलेला माणूस वास घेतो.

मशीन ठोकली (टूल जॉबवर आदळला) तर काय होते, हा प्रश्न तो तुम्हाला विचारणार नाही, तुमच्या जुन्या माणसाला विचारेल. मशीन ठोकण्याची कारणे ठरलेली आहेत : टूल लेंग्थ भरताना चुकलेला एक अंक, मागच्या जॉबचा राहून गेलेला ऑफसेट, मॅगझिनमध्ये चुकीच्या पॉकेटला लावलेला टूल. टाळण्याची रीतही ठरलेली. पहिला पीस जॉबच्या १०० मिलिमीटर वरून ड्राय रन (न कापता प्रोग्राम चालवणे), मग सिंगल ब्लॉक (एकेक ओळ थांबत), रॅपिड (न कापतानाची वेगवान धाव) २५ टक्क्यांवर. याला वेळ लागतो. सेटिंगला खरोखर ४५ मिनिटे लागतात आणि प्लॅनिंगच्या शीटवर २० लिहिलेली असतात, तेव्हा सेटर ड्राय रन गाळतो. मशीन ठोकली की पगारातून कपात. वास्तविक नुकसान कामगाराच्या निष्काळजीपणानेच झाले असेल तर आणि त्याला बाजू मांडायची संधी दिल्यावरच कपात करता येते, असे वेतनाचा कायदा सांगतो. पण कायद्यापेक्षा मोठे नुकसान वेगळेच होते. कपात सुरू झाली की माणसे ठोकर लपवतात. स्पिंडलचा रनआउट (फिरतानाची डगमग) वाढलेला राहतो, पुढच्या शिफ्टचा बोअर मापाबाहेर येतो आणि आठवडाभर कारण सापडत नाही. जिथे ठोकर सांगितल्यावर आधी ‘लागले नाही ना?’ असे विचारतात आणि मग स्पिंडलला डायल लावतात, तिथे सेटर टिकतात.

पगाराखालोखाल माणूस कशाला येत असेल तर ते शिकायला. अनेक शॉपमध्ये कंट्रोलची एडिट की (प्रोग्राम बदलायची किल्ली) सुपरवायझरच्या खिशात असते. प्रोग्राममधला फीड (टूल सरकण्याचा वेग) दहा टक्के कमी करायचा तरी त्याला शोधत फिरावे लागते. हातात कला असलेल्याला हा अपमान वाटतो. किल्ली सेटरला द्या, मूळ प्रोग्रामची प्रत सर्व्हरवर ठेवा, बदलाची नोंद रजिस्टरला घ्या. तीन वर्षे थ्री-अ‍ॅक्सिसवर काढलेल्याला फोर्थ अ‍ॅक्सिस, प्रोबिंग (जॉब मशीनवरच मोजणे) किंवा प्रोग्राम तयार करणारे कॅम सॉफ्टवेअर शिकायला मिळणार असेल, तर तो हजार-दोन हजार कमी घेऊनही येतो. शिकून निघून जाईल, ही मालकांची भीती अगदीच निराधार नाही. काही जण जातातच. पण न शिकवता ठेवलेला चांगला माणूस त्याच्याही आधी जातो.

माणूस जाण्याचे सर्वात हमखास कारण मात्र मालकानेच तयार केलेले असते. बाहेरचा सेटर २६ वर आणला आणि सहा वर्षे काम करणारा आतला २३ वर आहे. ही गोष्ट जेवणाच्या सुट्टीपर्यंतही लपत नाही. नवा माणूस घेतला त्याच महिन्यात त्या ग्रेडमधल्या जुन्यांचे पगार तपासायला हवेत. ते करत नाहीत, म्हणून एक येतो आणि दोन जातात.

बसबद्दल एवढेच की चाकणला सेकंड शिफ्ट रात्री बाराला सुटत असेल आणि निगडी-चिंचवडला परतीची बस नसेल, तर बाकी काहीही देऊ केलेत तरी ते कमी पडेल. बाई मशीनिस्ट हव्या असतील तर बसच्या जोडीला कपडे बदलायची खोली आणि कडी लागणारे स्वच्छतागृह आधी हवे, बोर्ड नंतर.

कागदपत्रांत चांगली माणसे तीन गोष्टींना बिचकतात. मूळ आयटीआय सर्टिफिकेट ‘जमा’ करून घेणे. ठेकेदाराच्या रोलवर सात महिने ठेवून ब्रेक देणे, म्हणजे सलग सेवा धरायला लागणारे २४० दिवस भरत नाहीत. आणि सोडताना फुल अँड फायनल अडवून धरणे. २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झालेल्या कामगार संहितांनुसार नियुक्तिपत्र देणे बंधनकारक आहे आणि राजीनाम्यानंतरचे वेतन दोन कामाच्या दिवसांत द्यायचे आहे. सोडून जाणाऱ्याशी कंपनी कशी वागते, ते येणारा बारकाईने बघतो, कारण बहुतेक वेळा दोघे एकाच आयटीआयचे असतात.

तेव्हा बोर्ड रंगवायचाच असेल तर असा रंगवून बघावा :

‘पाहिजेत : व्हीएमसी सेटर, ३ जागा, कंपनीच्या रोलवर. कंट्रोल फानुक. बेसिक + डीए १५,०००, हातात २६,०००, पगार ७ तारखेला. ओटी डबल. शिफ्ट दोन, सुट्टी गुरुवार. रात्री निगडीपर्यंत बस. टेस्ट येत्या गुरुवारी १० ते १, दीड तास, निकाल त्याच दिवशी. सर्टिफिकेटची झेरॉक्स आणावी.’

आपला,
एक वाचक, भोसरी