उंबरठ्याच्या आत शिरलेल्या जाहिराती

महोदय,

घोडबंदर रस्त्यावर कासारवडवली येथे आम्ही गेल्या वर्षी सदनिका घेतली. कराराची नोंदणी झाली त्याच आठवड्यापासून मॉड्युलर किचन, खिडक्यांच्या जाळ्या आणि गृहकर्ज विकणाऱ्यांचे फोन सुरू झाले. काहींना तर आमचा मजलाही ठाऊक होता. क्रमांक कोठून मिळाला, असे विचारताच पलीकडून फोन बंद होतो.

माझे सासरे ७९ वर्षांचे आहेत. शस्त्रक्रियेनंतर तपासणीचा अहवाल कळवणारा फोन येईल म्हणून ते दर वेळी भिंतीचा आधार घेत उठत आणि पलीकडून त्यांना वैयक्तिक कर्ज हवे का, अशी विचारणा होई. जाहिरातीचे फोन १४० ने सुरू होणाऱ्या क्रमांकांवरून यावेत, असा दूरसंचार नियामक प्राधिकरणाचा नियम आहे. पण आमच्याकडे ते साध्या दहा आकडी मोबाइल क्रमांकांवरून येतात, त्यामुळे उचलण्यापूर्वी ओळखता येत नाहीत. नको असलेले जाहिरातीचे फोन व संदेश थांबवण्यासाठी असलेल्या १९०९ या क्रमांकावर नोंदणी केल्यावर संदेश बरेच कमी झाले, हे मान्य करायला हवे. हे फोन मात्र थांबलेले नाहीत.

याहून अधिक खुपते ते आपल्याच गृहनिर्माण संस्थांचे वागणे. फाटकावर पाहुण्यांची नोंद ठेवणारे ॲप आमच्याकडे सक्तीचे आहे आणि कामाच्या मावशी आल्या का, हे पाहायला ते उघडले की आधी जाहिरात समोर येते. आता लिफ्टमध्ये जाहिरातींचा पडदा बसवण्याचे घाटत आहे. देखभाल खर्चाला हातभार लागेल, हे समितीचे म्हणणे मी समजू शकते. परंतु दूरचित्रवाणीवरील जाहिरातींना तासाला १२ मिनिटांची मर्यादा नियमाने घातलेली आहे, शिवाय संच बंदही करता येतो. सातव्या मजल्यावर राहणाऱ्या वृद्धाने लिफ्ट टाळून जायचे कोठून?

माहिती ज्या कामासाठी दिली त्याच कामासाठी वापरावी, हे २०२३ च्या डिजिटल वैयक्तिक डेटा संरक्षण कायद्यामागचे तत्त्व आहे. ठाण्यातील गृहनिर्माण संस्थांनी असे करार परस्पर न करता सर्वसाधारण सभेपुढे ठेवावेत, रहिवाशांचे क्रमांक कोणाकडे जाणार हे तेथे वाचून दाखवावे आणि लिफ्टमध्ये पडदा बसवायचाच असेल तर निदान त्याचा आवाज बंद ठेवावा, अशी माझी कळकळीची विनंती आहे.

आपली,
एक वाचक, कासारवडवली, ठाणे (पश्चिम)