धाकट्याच्या हाताबद्दल

सोलापूर, रविवार रात्र

प्रिय दोस्ता,

काल तुझ्या घरी जाऊन आलो. तू पुण्यात, इथे आई आणि वहिनी दोघीच, त्यांच्यासमोर तुझ्या धाकट्या भावाच्या अपघाताच्या भरपाईचं, पैशाचं काढायला जीभ रेटेना म्हणून लिहितोय, मोठं होईल पण पूर्ण वाच बे.

तू फोनवर म्हणालास, अपंगत्वाच्या सर्टिफिकेटवर ३० टक्केच आलंय, थोडक्यात वाचला. मलाही तसंच वाटलं असतं. पण काल मी त्याला दोऱ्याचे दोन तुकडे देऊन गाठ मारायला सांगितलं. उजव्या हाताचा अंगठा बोटापर्यंत येतो पण चिमटीत दोरा थांबतच नाही, तीनदा सुटला, मग त्याने गुपचूप हात मांडीखाली घेतला. कापडाच्या मागावर धागा तुटला की गाठ कोण मारणार सांग, धोट्यात सुताची कांडी कोण भरणार? चार माग एकट्याने सांभाळणारा पोरगा तो.

ते ३० टक्के हाताचं अपंगत्व आहे, त्याच्या कमाईचं नाही. सुप्रीम कोर्टाने राजकुमार विरुद्ध अजय कुमार या निकालात हेच सांगितलंय की माणूस काय काम करत होता ते आधी बघा. डावा हात तुटला तर अपंगत्व साधारण ६० टक्के धरतील, पण तो माणूस ड्रायव्हर किंवा सुतार असेल तर कमाई जवळजवळ १०० टक्के गेली, आणि तोच सरकारी क्लार्क असेल तर कदाचित पगाराला धक्काही लागणार नाही.

हिशोब करून बघितला मी. महिना १५ हजार धरले तर वर्षाचे १ लाख ८० हजार, चाळिशीच्या आतला आहे म्हणून पुढच्या वाढीचे ४० टक्के मिळवून २ लाख ५२ हजार, वय ३४ म्हणजे गुणक १६, म्हणजे वर्षाच्या कमाईला वयाप्रमाणे ज्या आकड्याने गुणतात तो. कमाईचं नुकसान ३० टक्के धरलं तर १२ लाख ९ हजार ६००, आणि ६० टक्के सिद्ध झालं तर बरोबर दुप्पट, २४ लाख १९ हजार २००. दवाखान्याचा खर्च, वेदनेचे पैसे ते वेगळे.

माझ्या अपघाताच्या वेळी काय झालं तुला माहितीय. पाय दीड इंच आखूड झाला, कागदावर २० टक्के, आणि मी मागावर बारा तास उभा राहत होतो हे कुणी विचारलंच नाही, मी पण सांगितलं नाही. वकील म्हणाले तडजोड करून टाका, मी सही केली. ते पैसे दीड वर्षात संपले रे. अजून रात्री पाय ठणकला की ती सही आठवते.

म्हणून सांगतो, विमा कंपनीचा माणूस घरी आला तर कुठल्याच कागदावर सही नको, वहिनींना आजच फोन करून सांग. अपघात नळदुर्गजवळ झाला म्हणून धाराशिवलाच चकरा माराव्या लागतील असं काही नाही, आपण सोलापूरला राहतो तर इथल्या मोटार अपघात न्यायाधिकरणात दावा टाकता येतो. आणि कायद्यात आता अपघातापासून सहा महिन्यांची मुदत घातलीय, त्यातले तीन गेलेत, उशीर नको.

पगार दर शनिवारी रोख मिळायचा, स्लिप नाही, तीच आपली अडचण. मालकाला मी भेटतो, किती माग चालवत होता आणि हप्ता किती होता ते कोर्टात येऊन सांगायला तयार होतील असं वाटतंय, माणूस चांगला आहे. सर्टिफिकेट देणाऱ्या डॉक्टरांचीही साक्ष लागेल, त्यांच्या तोंडून चिमटीचं यायला पाहिजे, नुसता आकडा नको.

एफआयआरची कॉपी, डिस्चार्ज कार्ड, बिलं, सगळं आईच्या ट्रंकेत आहे म्हणे. बुधवारी मी सुट्टी काढलीय, त्याला घेऊन वकिलांकडे जातो. तू शनिवारी ये. आल्यावर त्याला हात कसा आहे विचारू नकोस, जेवायला शेजारी बस, भाकरी मोडायला त्रास होतो त्याला आणि तो कुणाला सांगत नाही.

तुझाच,
दोस्त