फोन गिअरपाशी, बाण भलत्याच रस्त्यावर

मा. संपादक,
स. न. वि. वि.

मागच्या आठवड्यात तुमच्या मोबाईलच्या पानावर 'गाडी चालवताना मॅप चुकतोय? हे करून बघा' अशी एक चौकट आली होती आणि त्यातला पहिलाच उपाय होता की फोन हातात धरून हवेत आठचा आकडा काढा. हा आठचा आकडा मी आजवर इतक्या वेळा काढलाय की मनगट दुखायला लागलं, पार्किंगमध्ये उभं राहून, येणारे-जाणारे बघून हसतायत, आणि गाडीतला मॅप काही त्यानं सुधारला नाही. म्हणून हे पत्र. लांबलंय, कापायचं असेल तर कापा, पण फोन कुठे ठेवायचा तो भाग तेवढा कापू नका.

आठच्या आकड्यानं फोनमधला कंपास ठिकाणावर येतो, बास. पायी चालताना, किंवा गाडी नुसती उभी असताना आपलं तोंड कुठल्या दिशेला आहे हे कळायला त्याचा उपयोग आहे. पण गाडी एकदा चालायला लागली की ॲप कंपासला फारसं विचारतच नाही, मघाशी कुठे होतो आणि आता कुठे आहे यावरनं दिशा काढतं. म्हणूनच निघताना 'उत्तरेकडे जा' असं ऐकून आपण बावचळतो, बाण गोल गोल फिरत असतो, आणि वीस-तीस मीटर गाडी पुढे गेली की तोच बाण गपचूप सरळ होतो. मॅग्नेटवाला होल्डर असेल तर हा निघतानाचा गोंधळ जास्त होतो कारण मॅग्नेट कंपासला चकवतो, सॅटेलाईटच्या सिग्नलला मात्र त्यानं काही होत नाही. तेव्हा मॅग्नेट फेकून द्यायची गरज नाही.

आपण सरसकट 'जीपीएस गंडलंय' म्हणतो ना, तिथेच घोळ आहे. कधी फोनलाच कळलेलं नसतं आपण कुठे आहोत. कधी फोनला कळलेलं असतं पण ॲप आपल्याला उचलून शेजारच्या रस्त्यावर नेऊन बसवतं. आणि कधी हे दोघंही बरोबर असतात, नकाशातच रस्ता चुकीचा काढलेला असतो. तिन्हीला औषध वेगळं, आणि चौकटीत सगळं एकाच भांड्यात ढवळलेलं होतं.

आमचीच गोष्ट सांगतो. फ्लायओव्हरवर चढलो, गाडी साठच्या स्पीडला, आणि मधोमध गेल्यावर मॅपमधली बाई म्हणते आता डावीकडे वळा. डावीकडे कठडा. खाली सर्व्हिस रोड, त्यावर वळण खरंच होतं, पण आम्ही त्याच्या डोक्यावर होतो. आमची ही शेजारी बसलेली, ती म्हणाली हिला सांगा की विमान नाहीये आपलं. पुढे उतरेपर्यंत ती बाई यू-टर्न घ्या यू-टर्न घ्या करत राहिली, मी तिला गप्प करायला एक हात स्क्रीनकडे नेला तेवढ्यात समोरच्यानं ब्रेक मारला आणि थोडक्यात वाचलो. हा हात नेण्याचा प्रकार मी तेव्हापासून बंद केलाय, काहीही चुकू दे, बाजूला थांबूनच बघायचं.

तर हे का होतं. चांगल्या स्मार्टफोनचं जीपीएस मोकळ्या आभाळाखाली साधारण ५ मीटरच्या आत-बाहेर जागा सांगतं, हे सगळं ठीकठाक असताना. उंची सांगण्यात तर ते त्याहून कच्चं. आता फ्लायओव्हर आणि खालचा रस्ता यात उंचीचा फरक किती, सात-आठ मीटर, आणि मेन रोड आणि सर्व्हिस रोड यांच्यात तर नुसता दुभाजक. म्हणजे फोनच्या दृष्टीनं आपण दोन्हीकडे असू शकतो. मग ॲप अंदाज बांधतं आणि आपल्याला एका रस्त्यावर चिकटवून टाकतं, तो अंदाज चुकला की झालं. यावर सेटिंगमध्ये बटण नाही! फाटा यायच्या आधीच यादीत पुढची दोन-तीन वळणं बघून ठेवायची आणि फाट्यावर बोर्डाचं ऐकायचं, बाईचं नाही. खाली-वर वेगळे झाल्यावर ॲपला थोड्या वेळानं आपोआप कळतं.

अजून एक, बहुतेक फोनमध्ये जागा सेकंदाला एकदाच मोजली जाते. साठच्या स्पीडला गाडी एका सेकंदात जवळजवळ १७ मीटर जाते. त्यात आवाज ब्लूटूथनं गाडीच्या स्पीकरला जात असेल तर तिकडे अजून उशीर, गाणं थांबून आवाज सुरू होईपर्यंत पहिला शब्दच गिळला जातो, आपल्याला ऐकू येतं '...कडे वळा'. डावी की उजवी ते देवाला ठाऊक. मॅपच्या नॅव्हिगेशन सेटिंगमध्ये ब्लूटूथवरून आवाज नको असं करता येतं, मग आवाज फोनमधूनच येतो. मी तेच केलंय, गाण्याची मजा गेली पण वळणं चुकायची कमी झाली.

आता फोन कुठे ठेवायचा. जीपीएसचे सॅटेलाईट जमिनीपासून २०,२०० किलोमीटरवर आहेत, आणि तिथून येणारा सिग्नल हा एखाद्या जुन्या पिवळ्या बल्बाएवढ्या पावरनं सुटलेला असतो, फोनपर्यंत येईस्तोवर त्यात राहतं काय. फोन फक्त ऐकतो, वर काही पाठवत नाही. किमान चार सॅटेलाईट नीट ऐकू आले की प्रत्येकाचा सिग्नल किती वेळात पोचला त्यावरून तो आपली जागा काढतो. इथे वेळेचा हिशोब फार बारीक आहे, एका सेकंदाच्या दहा लाखाव्या भागाची चूक झाली तर जागेत ३०० मीटरची चूक. आणि आपण काय करतो, तर फोन गिअरपाशी कप ठेवायच्या खड्ड्यात टाकतो, वर पत्र्याचं छप्पर, बाजूनी सीट, आणि मग तक्रार. तिथे थेट सिग्नल नीट पोचतच नाही, जो येतो तो इकडे-तिकडे आपटून लांबच्या वाटेनं येतो, लांबच्या वाटेला वेळ जास्त लागतो, आणि फोनला वाटतं आपण भलतीकडेच आहोत. उंच काचेच्या बिल्डिंगांमध्ये बाण एका गल्लीतून दुसऱ्या गल्लीत उड्या मारतो तोही याच कारणानं.

तेव्हा फोन समोरच्या काचेपाशी, आभाळ दिसेल असा. डॅशबोर्डवर होल्डर चालतो, एसीच्या जाळीवरचाही चालतो, फक्त समोरचं दिसणं अडायला नको. काही गाड्यांच्या काचेला उष्णता अडवणारा धातूचा पातळ थर असतो, त्यातनं सिग्नल कमी येतो, पण अशा काचेत बऱ्याचदा आरशाच्या आसपास एक जागा मोकळी सोडलेली असते, गाडीच्या पुस्तकात बघा. आणि उन्हात फोन तापला की तो स्वतःच हळू होतो, स्क्रीन अंधारी होते, मॅप अडकत अडकत पुढे सरकतो, तेव्हा चार्जिंग काढून एसीचा झोत त्यावर सोडायचा.

आमच्या गाडीत मात्र फोन काचेपाशी लावूनही बाण शंभर-शंभर मीटर मागे राहायचा. दोन फोन बदलून बघितले, तेच. शेवटी भाच्यानं सॅटेलाईटचा सिग्नल दाखवणारं एक फुकटचं ॲप टाकून दिलं, त्यात प्रत्येक सॅटेलाईटची एक दांडी दिसते, जेवढी उंच तेवढा सिग्नल चांगला. गाडी मोकळ्या जागेत उभी केली, दांड्या छान उंच. मग एकेक वस्तू चालू करत गेलो, एसी, म्युझिक, चार्जर, काही नाही. डॅशकॅमची, म्हणजे समोरचा रस्ता रेकॉर्ड करणाऱ्या कॅमेऱ्याची, वायर लावली आणि सगळ्या दांड्या एकदम खाली बसल्या, काढली की वर, लावली की खाली. पाच वेळा करून बघितलं, विश्वासच बसेना. स्वस्तातले डॅशकॅम आणि चार्जर नीट शील्डिंग (रेडिओ लहरी अडवणारं आवरण) नसलं तर असा रेडिओचा कचरा बाहेर टाकतात आणि एवढ्याशा नाजूक सिग्नलला तो पुरेसा होतो. मी दीड वर्ष मॅपवाल्यांना शिव्या देत होतो. ही टेस्ट कुणीही करावी, दहा मिनिटांचं काम आहे.

सेटिंगचं थोडक्यात सांगतो, कारण चौकटीत त्यातलं बरंच आलं होतं. फोनच्या लोकेशन परमिशनमध्ये मॅपला 'अचूक' जागेची परवानगी आहे का बघा. आयफोनमध्ये 'प्रिसाईज लोकेशन' असं बटण आहे, अँड्रॉइड १२ पासून ॲप पहिल्यांदा विचारतं तेव्हाच अचूक की अंदाजे असं निवडायला देतं, आणि घाईत अंदाजे दाबलं गेलं की पुढे कितीही आकडे काढा, एखाद-दोन किलोमीटर इकडे-तिकडे दाखवणारच. अँड्रॉइडवर लोकेशन सर्व्हिसेसमध्ये 'लोकेशन ॲक्युरसी' चालू ठेवा, त्यानं वायफाय आणि मोबाईल टॉवरचीही मदत घेतली जाते. बॅटरी सेव्हर प्रवासात बंद ठेवा.

ही वायफायची मदत कधी उलटीही पडते बरं का. एखाद्यानं घर बदललं आणि राउटर सोबत नेला तर फोनला काही दिवस वाटत राहतं की तो राउटर जुन्याच जागी आहे. बेसमेंटमधून निघताना टिपका भलत्याच वस्तीत दिसला तर समजा की सॅटेलाईट अजून सापडलेच नाहीत, हा नुसता अंदाज आहे. टिपक्याभोवती फिकट निळं मोठं वर्तुळ दिसतं ना, ती फोनची कबुली आहे की मी या वर्तुळात कुठेतरी आहे, नक्की माहीत नाही. ते आक्रसेपर्यंत थांबा. इंटरनेट असलं तर काही सेकंदात होतं कारण कुठला सॅटेलाईट कुठे आहे ही माहिती नेटवरून येते. नेट नसलं तर तीच माहिती सॅटेलाईटकडून ऐकावी लागते, त्याला किमान अर्धा मिनिट सलग सिग्नल लागतो, आणि आपण तेवढ्यात बिल्डिंगांमधून गाडी पळवतो, सिग्नल तुटतो, परत पहिल्यापासून. उघड्यावर येऊन एक मिनिट उभं राहणं पळण्यापेक्षा लवकर पडतं. नेट नसेल तर जीपीएस चालत नाही हा एक गैरसमज आहे, जीपीएस चालतं, नकाशा येत नाही, म्हणून नकाशा आधी डाउनलोड करून ठेवायचा.

आणि एक सेटिंग मी स्वतः विसरलो होतो ते सांगायला लाज वाटते, 'हायवे टाळा'. कधीतरी चालू केलेलं, मग पुढचे कितीतरी प्रवास मॅप आम्हाला गल्लीबोळातून नेत होता आणि मी म्हणत होतो याला अक्कल नाही. त्याला अक्कल होती, मीच सांगून ठेवलं होतं. 'टोल टाळा' पण तसंच, आणि कारऐवजी चुकून टू-व्हीलरचा मोड निवडलेला असेल तर कार जाणार नाही अशा बोळात नेऊन उभं करेल.

उरला नकाशाच चुकलेला असण्याचा प्रकार. टिपका बरोब्बर तुमच्या गाडीच्या जागी आहे, वर्तुळ दिसत नाहीये, आणि ॲप म्हणतंय पुढे रस्ता आहे आणि पुढे भिंत आहे, तर फोन रिस्टार्ट करून काय होणार. ती चूक कळवायचीच, बहुतेक मॅपच्या ॲपमध्ये तशी सोय असते, ओपनस्ट्रीटमॅप नावाचा नकाशा तर २००४ पासून लोकच मिळून काढतायत, त्यात खातं उघडून आपण स्वतः रस्ता दुरुस्त करू शकतो. मी एक वन-वे दुरुस्त केलाय, त्याचा फोटो भाच्याला पाठवला, त्यानं अंगठा पाठवला.

जाता जाता, चौकटीत असंही होतं की लष्करासाठी जीपीएस मुद्दाम चुकवतात म्हणून फोन चुकतो. तसं पूर्वी खरंच करायचे, तेव्हा सामान्य लोकांना १०० मीटरपर्यंत चूक सोसायला लागायची, पण अमेरिकेनं ते मे २००० मध्येच बंद केलं. तेव्हा मॅपवाला स्मार्टफोन कुणाच्या खिशात होता? पुढच्या वेळी कृपया एवढं तपासून छापा.

आपला,
एक जुना वाचक

ता. क. डॅशकॅमची वायर आता मागच्या काचेकडून फिरवून घेतलीय. दांड्या पूर्ण वर येत नाहीत, पण बाण निदान आमच्याच रस्त्यावर असतो. फ्लायओव्हरवर ती बाई अजूनही डावीकडे वळा म्हणते.